गावाकडची बाई

२००६ साली आई सहा महिन्यांसाठी आमच्याकडे डॅलसला आली होती. दिवसभर आम्ही दोघं कामावर, ती घरात एकटी. संध्याकाळी परत आलो की टीव्हीवर हमखास तीच लाल केसांची बाई. एकदा विचारलं, "आई, इंग्रजी कळतं का तुला?"

"समदं नाय कळत. पर ही बाई गावाकडचीच हाय बघ. तोंड उघडलं की समजतं."

आई बार्शीकडची. निदान अचूक होतं.

ती बाई म्हणजे रीबा मॅकेंटायर. जन्म १९५५चा, ओक्लाहोमातला. वडील क्लार्क हे रोडिओतले (घोडा पळवत बैलाला फास टाकायचा, तो खेळ) तीन वेळचे जगज्जेते. आईला गायिका व्हायचं होतं, ते राहून गेलं. मग स्पर्धांच्या गावांना जाताना गाडीत ती पोरांकडून गाणी बसवून घ्यायची. १९७४ मध्ये ओक्लाहोमा सिटीतल्या रोडिओच्या राष्ट्रीय स्पर्धेत रीबाने राष्ट्रगीत म्हटलं. ते रेड स्टीगल या गायकाने ऐकलं आणि पुढच्या वर्षी मर्क्युरी कंपनीशी करार झाला. यादीत पहिला नंबर मिळायला मात्र १९८३ उजाडलं! त्यानंतर १९८४ ते १९८७ सलग चार वर्षं कंट्री म्युझिक असोसिएशनची सर्वोत्तम गायिका तीच.

१६ मार्च १९९१ला सॅन दिएगोजवळ तिच्या वाद्यवृंदाचं विमान डोंगरावर आदळलं. सात वादक-गायक, दौऱ्याचा व्यवस्थापक आणि दोन वैमानिक, दहाच्या दहा जण गेले. ती त्या विमानात नव्हती. नऊच दिवसांनी ती ऑस्करच्या सोहळ्यात गायली. हे वाचलं तेव्हा मला जरा खटकलं होतं. मग आठवलं, बाबा गेल्यावर चौदाव्या दिवशी आई दुकान उघडून बसली होती. असो.

सिनेमात तिने कामं केली, पण तिथे ती पाहुणीच वाटते. २००१ मध्ये ब्रॉडवेवर 'ॲनी गेट युअर गन' केलं आणि त्याच ऑक्टोबरात 'रीबा' ही मालिका सुरू झाली. ह्यूस्टनमधली एक संसारी बाई. दंतवैद्य नवरा दवाखान्यातल्या मदतनीस बाईसाठी घर सोडतो. ती गरोदर, आणि इकडे शाळकरी लेकही गरोदर! कथा ऐकून मी नाक मुरडलं होतं. पण २००७ पर्यंत १२५ भाग झाले, आणि माझ्या मते ते चालले तिच्या बोलण्यावर. पडद्यावर जायचं तर बोली आधी घासूनपुसून घ्यायची, हा सगळीकडचाच रिवाज. हिने ओक्लाहोमाचे हेल तसेच ठेवले. गाण्यात जे शब्द ताणायची, तेच विनोदात ताणले. मंचावर इतकी वर्षं काढल्यामुळे हशा संपेपर्यंत थांबणंही तिला आपसूक जमत असावं.

मी स्वतः पुण्यात कॉलेजच्या पहिल्याच आठवड्यात 'पानी' म्हणालो आणि वर्ग हसला. वर्षभरात 'ण' पक्का केला. इतका, की आईशीही तसंच बोलू लागलो. ती म्हणायची, "रेडिओवानी बोलतूस रं."

२०२४च्या फेब्रुवारीत सुपर बोलच्या मैदानावर रीबाने पुन्हा राष्ट्रगीत म्हटलं, रोडिओनंतर पन्नास वर्षांनी. त्याच ऑक्टोबरात 'हॅपीज प्लेस' ही तिची नवी मालिका आली. पहिला भाग पाहिला आणि बार्शीला फोन लावला. आता तिला ऐकू कमी येतं, ओरडून सांगावं लागतं.

"ती लाल केसांची? अजून करती व्हय काम?"

"करते ना."

"आन् ती सवत? ती पन हाय का?"

'रीबा'त दुसरी बायको झालेली मेलिसा पीटरमन याही मालिकेत आहे, वेगळ्या भूमिकेत. पण ते फोनवर ओरडून कसं समजावणार?

"हाय की," म्हटलं.