मांडवातील मुले

गेल्या मार्गशीर्षात माझ्या भाच्याचे लग्न दादरच्या एका कार्यालयात व्हावयाचे ठरले. पत्रिकेच्या तळाशी एक ओळ छापण्यात आली होती: दहा वर्षांखालील मुलांना सोबत आणू नये, ही नम्र विनंती. वरच्या बाजूस मात्र घराण्याच्या प्रघाताप्रमाणे 'सहकुटुंब सहपरिवार' येण्याचे निमंत्रण होतेच. ही दोन वाक्ये एकाच कागदावर सुखाने नांदणार नाहीत, हे छापणाऱ्याच्या ध्यानी आले नाही. माझ्या बहिणींच्या ध्यानी ते आठ दिवसांतच आले.

वधूवरांची कारणे गैर नव्हती. जागा दोनशे माणसांची, ताटामागे पैसे द्यावयाचे, आणि आपल्या लग्नाचे विधी निदान आपल्याला तरी ऐकू यावेत अशी दोघांची इच्छा. परंतु पत्रिका वाटल्या न वाटल्या तोच तीन अर्ज दाखल झाले. एका चुलत सुनेचे मूल चार महिन्यांचे, अंगावर पिणारे. वधूस सख्खा भाऊ नाही, तेव्हा तिचा सहा वर्षांचा मामेभाऊ लाह्या घालावयास हवा. तिसरा अर्ज माझ्या थोरल्या बहिणीचा. तिचा सात वर्षांचा नातू तिच्याजवळच वाढतो आहे. त्याला सोडून ती येणार नव्हती. भाचा आणि त्याची वाग्दत्त वधू एका संध्याकाळी माझ्याकडे आली. "मामा, ताईमावशीचे काय करायचे?" एवढाच त्यांचा प्रश्न होता. जन्मभर इतिहास शिकविणाऱ्या मनुष्यापाशी अशा प्रश्नाचे उत्तर तयार असते, हा त्यांचा भाबडा समज. मी दोन दिवसांची मुदत मागून घेतली. त्या दोन दिवसांत जे मनात आले ते वाचकांपुढे ठेवीत आहे.

प्रथम आठवले ते हे, की मुलांवाचून आमंत्रण देणे ही गोष्ट आपल्याकडे मुळीच नवी नाही. आमच्या गावाकडे 'घरटी एक' आणि 'चूलबंद' अशी दोन आमंत्रणे निरनिराळी असत. पहिल्यात घरातील एका कर्त्याने जाऊन हजेरी लावावयाची. दुसरे गेले की त्या घरची चूल त्या दिवशी पेटावयाची नाही. म्हातारे, आलेगेले पाहुणे, पाळण्यातले मूल, सारे मांडवात. कोणास कोणते आमंत्रण द्यावयाचे हे नात्यावरून व शेजारावरून ठरे, आणि त्यात कोणी सहसा मानापमान मानीत नसे. कारण आज 'घरटी एक' आलेले घर उद्या दुसऱ्या कार्यास 'चूलबंद' असे. लालबाग-परळच्या चाळींतील गिरणी कामगार वैशाखात लग्नासाठी कोकणात किंवा घाटावर जात, ते या हिशेबातच वाढलेले होते. गिरगावातील वाडीत अंगणात मांडव पडे, तेव्हा तर वाडी हेच एक घर. मुलांची पंगत आधी उठवावयाची, म्हणजे मोठ्यांस स्वस्थ जेवता येते, एवढीच काय ती मुलांविषयीची व्यवस्था. पुढे कार्यालये आली, छापील पत्रिका आल्या, आणि पत्रिकेने सर्वांस एकाच शब्दात बोलावून टाकले. जी पायरी बोलण्यात होती ती छापण्यात राहिली नाही. तळाशी ओळ घालण्याची पाळी येते ती यामुळे.

दुसरे असे, की आपल्या विवाहविधीत मूल हे नुसते पाहुणे नाही; त्यास तेथे अधिकार आहे. करवली कऱ्हा घेऊन मागे उभी राहते ती पुष्कळदा परकरी पोरच असते. वराचा कान पिळून मान घेणारा मेहुणा जितका लहान तितकी मांडवात मौज अधिक. लाजाहोमाविषयी तर आश्वलायन गृह्यसूत्रातच सांगितलेले आहे, की वधूच्या ओंजळीत लाह्या भावाने अथवा भावाच्या स्थानी असणाऱ्याने घालाव्यात. सूत्रकाराने त्याचे वय सांगितले नाही. मी स्वतः आठ वर्षांचा असताना एका मावसबहिणीच्या लग्नात भावाच्या स्थानी उभा राहिलो होतो. निम्म्या लाह्या खाली सांडल्या, धुराने डोळे चुरचुरले, आणि भटजींनी माझे मनगट धरून उरलेल्या लाह्या घालविल्या. त्या लग्नातील दुसरे काहीही आज मला आठवत नाही.

परंतु या शहरात मुलांस लग्नमांडवातून बाहेर काढण्याची खरी झुंज झाली ती निराळ्याच अर्थाने. शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी मूल पाहुण्यांत नव्हे, बोहल्यावर असे. बेहरामजी मलबारी यांनी १८८४ साली बालविवाहाविरुद्ध आपली टिपणे प्रसिद्ध केली. अकराव्या वर्षी लग्न लागलेल्या रखमाबाईंनी नवऱ्याच्या घरी नांदावयास जाण्याचे नाकारले, आणि १८८४ पासून १८८८ पर्यंत त्यांचा खटला मुंबईत गाजला. १८९१ साली संमतिवयाची मर्यादा दहावरून बारा वर्षांवर गेली. हा इतिहास वाचकांच्या परिचयाचा आहे. माझे लक्ष त्यातील अपवादांकडे जाते. कारण बालविवाह नसावा असे मानणाऱ्या थोर पुरुषांनीच स्वतःच्या घरी अपवाद केले.

महादेव गोविंद रानडे हे विधवाविवाहाचे पुरस्कर्ते. १८७३ साली त्यांची पहिली पत्नी वारली, आणि त्याच वर्षी एकतीस वर्षांच्या माधवरावांचे लग्न अकरा वर्षांच्या रमाबाईंशी लागले. मुलगा एखाद्या विधवेशी लग्न करील या धास्तीने वडिलांनी घाई केली, आणि माधवराव वडिलांपुढे नमले. काशिनाथ त्र्यंबक तेलंगांचे उदाहरण अधिक बोचरे आहे. १८८६ च्या प्रसिद्ध व्याख्यानात त्यांनी सुधारणेने कमीत कमी विरोधाच्या वाटेने जावे असे सांगितले. १८९१ च्या संमतिवयाच्या कायद्यास त्यांनी पाठिंबा दिला. आणि आयुष्याच्या अखेरीस घरच्या माणसांच्या इच्छेपुढे मान तुकवून आपल्या अल्पवयीन मुलीचे लग्न करून दिले. कमीत कमी विरोधाची वाट घरातून जाऊ लागली की ती अशी जाते. १८९३ साली तेलंग वारले, आणि उच्च न्यायालयातील त्यांच्या जागी रानडे आले. या योगायोगापुढे मी अनेकदा थबकलो आहे. रमाबाई पुढे १९०८ साली मुंबईत स्थापन झालेल्या सेवासदनाच्या पहिल्या अध्यक्षा झाल्या. त्यांचे कर्तृत्व कोणी नाकारणार नाही. परंतु तेवढ्याने १८७३ चा अपवाद शुद्ध होतो असे म्हणणारांशी माझे जमत नाही. रमाबाई मोठ्या झाल्या हा त्यांचा गुण, अपवादाचा नव्हे.

या दोन्ही घरी अपवाद ज्याच्यासाठी झाला ते मूल नव्हते; मुलाची गरज तेथे कोणी विचारलीच नाही. अपवाद झाला तो थोरांच्या शब्दासाठी. कोण रुसेल, हा एकच प्रश्न विचारला गेला.

१९२९ चा सारडा कायदा झाला तेव्हा अपवादाची मागणी दोन्ही धर्मांच्या सनातन्यांकडून आली. मोरोपंत जोशी यांच्या अध्यक्षतेखालील समितीने बालविवाहाचे दुष्परिणाम मांडले होते. कायदेमंडळात जिनांनी स्वधर्मीयांचा विरोध पत्करूनही विधेयकास पाठिंबा दिला. आणि मुलीस चौदा, मुलास अठरा ही मर्यादा सर्वांस सारखी लागू झाली. तरीही एक फट राहिलीच. कायदा मंजूर झाला सप्टेंबर १९२९ मध्ये, आणि अंमल सुरू व्हावयाचा १ एप्रिल १९३० पासून. मधल्या सहा महिन्यांत देशभर मुलांची लग्ने उरकून घेण्याची इतकी घाई झाली, की १९३१ च्या खानेसुमारीत बालपत्नींची संख्या वाढलेली दिसली. धर्मास जो अपवाद मिळाला नाही तो पंचांगास मिळाला.

इतक्या मोठ्या गोष्टींशी माझ्या बहिणीच्या नातवाची गाठ घालणे हास्यास्पद आहे, हे मी जाणतो. लग्नात जिलबी खाणारे सात वर्षांचे पोर आणि बोहल्यावरची अकरा वर्षांची मुलगी यांत काही साम्य नाही. माप मोठे, वस्तू लहान. तथापि घरातील थोर माणसाचा शब्द आणि आधी ठरविलेला नियम यांची टक्कर जशी त्या घरांत झाली, तशीच, लहान प्रमाणावर का होईना, आमच्याकडे झाली.

उलट उदाहरण अगदी अलीकडचे. महामारीच्या काळात ३० मे २०२० च्या केंद्र सरकारच्या सूचनांप्रमाणे लग्नास पन्नासांहून अधिक पाहुणे नकोत; आणि दहा वर्षांखालील मुले व पासष्टांवरील वृद्ध यांनी अत्यावश्यक कामावाचून घरीच राहावे असा सल्ला. आजोबा आणि नातू एकाच ओळीत वगळले गेले, असे आपल्या इतिहासात दुसऱ्यांदा झाल्याचे मला तरी ठाऊक नाही. एप्रिल २०२१ मध्ये महाराष्ट्र सरकारने आणखी आवळले: एकूण पंचवीस माणसे, दोन तास, एकच सभागृह, मोडल्यास पन्नास हजार रुपये दंड. त्या दिवसांत आमच्या कुटुंबात एक लग्न झाले. एकूण म्हणजे एकूण. कडेवरचे मूलही एक माणूसच. ओल्या बाळंतिणीस बोलवावयाचे म्हणून एका काकांचे नाव गाळावे लागले, आणि काका हसत घरी राहिले. माझ्या याच थोरल्या बहिणीने ते लग्न नातवास मांडीवर घेऊन फोनच्या पडद्यावर पाहिले व तेथूनच अक्षता टाकल्या. ती रुसली नाही. नियम सरकारचा होता म्हणून नव्हे, तर तिच्याहून थोरांनाही तो चुकला नव्हता म्हणून.

मुदत संपल्यावर मी भाच्यास सांगितले: अंगावर पिणारे मूल आईपासून तोडता येत नाही, तेव्हा वर्षाखालील सर्व मुलांस मुभा द्या, आणि ती आजच सर्वांस फोन करून कळवा, लग्नाच्या आदल्या रात्री एकीलाच गुपचूप नको. लाह्या घालणारा मुलगा पाहुणा नव्हे. तो विधीचा भाग आहे, त्याने यावे. या दोहोंपलीकडे कोणी नाही. "आणि ताईमावशी?" भाच्याने विचारले. तिला मी सांगेन, असे मी म्हणालो.

सांगितले. तिने शांतपणे ऐकून घेतले आणि एकच प्रश्न केला: मुलीकडचा सहा वर्षांचा चालतो, आणि आपल्याकडचा सात वर्षांचा का चालत नाही? मी सूत्र सांगितले, भावाचे स्थान सांगितले. ती म्हणाली, "तू मला शिकवू नकोस. तुझ्या लाह्या सांडल्या तेव्हा तुला घरी मी उचलून नेले होते." हे खरे होते. भाचा एक खुर्ची वाढवावयास तयार होता, आणि मी हो म्हटले असते तर सारे तेथेच मिटले असते. मी म्हटले नाही. ते बरोबर होते की पुस्तकी हट्ट होता, याविषयी माझी खात्री अजून होत नाही.

ती आली. नातवास शेजारी ठेवून, मोतिया रंगाची पैठणी नेसून, पहिल्या रांगेत बसली. वधूच्या मामेभावाने एकही लाही न सांडता तीन वेळा ओंजळ भरली, तेव्हा तिने त्याच्याकडे पाहून मान डोलविली. सप्तपदी झाली, तिने आहेर दिला, भाच्याच्या पाठीवरून हात फिरविला आणि ती चपला शोधू लागली. माझ्या शेजारचे तिचे पान वाढलेले होते. पंगत उठेपर्यंत ते तसेच राहिले.