पंथराज : ब्रह्मगिरीची वाट आणि स्वप्नातला गुरू

मंडळी, नाशिककरांना ब्रह्मगिरी समजावून सांगायची गरज नाही. श्रावणातल्या तिसऱ्या सोमवारी निम्मं शहर फेरीला लोटतं आणि मंगळवारी पाय चोळत बसतं. आज आम्हीही त्याच फेरीपासून सुरुवात करतोय, फक्त पुढे वाट जरा वेगळी धरणार आहोत.

कथा आपल्याला पाठ आहे. विठ्ठलपंत कुटुंबासह या डोंगराची प्रदक्षिणा करत असताना वाघ समोर आला, पळापळ झाली, निवृत्ती चुकला आणि एका गुहेत शिरला. तिथे त्याला गहिनीनाथ भेटले. वाघाबद्दल इतिहासाने काही बोलू नये हे बरं. पण गुरुपरंपरा मात्र ज्ञानेश्वरांनी स्वतःच अठराव्या अध्यायाच्या शेवटी नोंदवून ठेवली आहे : आदिनाथ, मत्स्येंद्र, गोरक्ष, गहिनी, निवृत्ती आणि मग आपण. शके १२१२, म्हणजे इसवी सन १२९०. ग्रंथ सांगितला नेवाशाला, पण त्यातल्या योगाचं मूळ त्र्यंबकच्या डोंगरात आहे. निवृत्तिनाथांची समाधीही तिथेच, आणि पौष वद्य एकादशीला आजही दिंड्या तिथे पोहोचतात.

या योगमार्गाला सहाव्या अध्यायात ज्ञानेश्वर ‘पंथराज’ म्हणतात. वाटांचा राजा. आणि गंमत बघा, ते म्हणतात की खुद्द महादेव अजून या वाटेवरचा कापडी आहे. कापडी म्हणजे यात्रेकरू. ज्या देवाच्या दर्शनाला आपण त्र्यंबकला जातो, तो स्वतःच कुठेतरी निघालेला आहे! पुढे तर ते आणखी धीट होतात. या वाटेने ज्या गावाला जायचं ते गाव आपणच होऊन जातो, असं सांगतात. असा प्रवास कुठल्या नकाशावर काढणार?

तरीही लोकांनी नकाशा काढलाच. नाथपंथी आणि वारकरी अभंगांत तो जागोजाग सापडतो. जागृती, स्वप्न, सुषुप्ती, तुर्या या चार अवस्था. स्थूल, सूक्ष्म, कारण, महाकारण हे चार देह. त्यांचे रंग तांबडा, पांढरा, सावळा, निळा. आणि मुक्कामांची नावं ऐका : त्रिकूट, श्रीहाट, गोल्हाट, औटपीठ, त्याहून वर भ्रमरगुंफा, ब्रह्मरंध्र. डोंगर, हाट, पीठ, गुंफा. डोंगर चढणाऱ्या आणि बाजार फिरणाऱ्या माणसांनी आपल्या शरीरात रचलेला हा मुलूख आहे. स्वप्नाची जागा यात कंठात धरलेली आहे, जागृतीची डोळ्यांत. म्हणजे झोपलेला माणूस कुठेच जात नाही असं नाही. तो डोळ्यांतून गळ्यापर्यंत उतरतो.

नाथपंथाने बाहेरची वाटही सोडली नाही. दर बारा वर्षांनी सिंहस्थात नाथजोगी त्र्यंबकला जमतात आणि त्यांची झुंडी पायी निघते ती थेट मंगळूरच्या कदरी मठापर्यंत. सुमारे सहा महिने चालतात. २०१५ च्या सिंहस्थानंतरही ती गेली. आतली वाट सांगणाऱ्यांना बाहेरची इतकी लांब वाट का लागते, हा प्रश्न आम्हाला नेहमी पडतो.

आता मुद्द्याची अडचण. कुंडलिनीचं वर्णन ऐकून सहाव्या अध्यायात अर्जुन विचारतो, हे कुणालाही जमेल की काही योग्यता लागते? श्रीकृष्ण म्हणतात, योग्यता लागते; पण ती काही खाणीतून काढून आणायची वस्तू नाही. उत्तर उदार आहे. पण गावात, घरात, जातीच्या उतरंडीत ही योग्यता कोण मोजत होतं? तिथे आम्हाला बहिणाबाई आठवतात. जळगावच्या चौधरी नव्हेत, शिऊरच्या.

जन्म १६२८ चा, देवगावचा. शिऊर वैजापूर तालुक्यात, म्हणजे आपल्या येवल्याच्या पलीकडे. तिसऱ्या वर्षी लग्न झालं, नवरा तीस वर्षांचा बिजवर. फिरत फिरत कुटुंब कोल्हापूरला आलं. तिथे जयरामस्वामींच्या कीर्तनाला ही पोर आपल्या वासराला घेऊन जाई. कीर्तनाच्या वेडापायी नवऱ्याचा मार खाल्ला. वासरू गेलं, ही बेशुद्ध पडली. तुकोबांचे अभंग तिने ऐकले होते, भेटीचा ध्यास होता. पण देहू दूर, आणि ब्राह्मणाच्या बायकोने शूद्राला गुरू करायचं, हे तर बोलायलाही नको. तेव्हा तुकोबा स्वप्नात आले आणि मंत्र दिला.

स्वप्नदीक्षा ही तिने काढलेली पळवाट नव्हती, हे इथे ध्यानात घ्या. खुद्द तुकोबांना बाबाजी चैतन्यांनी माघ शुद्ध दशमीला स्वप्नातच मंत्र दिला होता, आणि कवित्वाची आज्ञाही नामदेवांनी स्वप्नात येऊन केली होती. तुकोबांच्या परंपरेत ही वाट राजमान्य होती. बहिणाबाईंनी ती वापरली, इतकंच. स्वप्नाच्या दाराशी कुणी जात विचारायला उभं नव्हतं.

नवरा मात्र जागा होता. तो संतापला, घर सोडून निघतो म्हणाला. मग आजारी पडला, तापाने फणफणला, आणि बरा झाल्यावर तिला घेऊन देहूला गेला. हे सगळं बहिणाबाईंनी आपल्या आत्मनिवेदनाच्या अभंगांत लिहून ठेवलंय, मारासकट. सतराव्या शतकातल्या बाईने स्वतःच्या हयातीचा असा हिशेब मांडणं दुर्मीळच. १९२९ मध्ये जस्टिन ॲबट यांनी ते इंग्रजीत नेलं.

आणि शेवटी, १७०० साली, मरणाच्या आधी तिने आपल्या मुलाला, विठोबाला, मागच्या बारा जन्मांची हकीकत सांगितली. एकेक जन्म, कुठे होते, काय राहून गेलं. त्यावर विश्वास ठेवायचा की नाही हे ज्याचं त्याने बघावं. आम्हाला त्यात दिसते ती एक म्हातारी, जिने सगळी वाट एका ओळीत लावली, हा जन्म तेरावा असं सांगितलं, आणि ऐकायला मुलगा समोर बसवला.