अय्यर, जी. व्ही.
अय्यर, जी. व्ही. : (३ सप्टेंबर १९१७ – २१ डिसेंबर २००३). कन्नड चित्रपटसृष्टीतील ख्यातनाम पटकथाकार, गीतकार, निर्माते व दिग्दर्शक. पूर्ण नाव गणपती वेंकटरमण अय्यर. जन्म म्हैसूर जिल्ह्यातील नंजनगूड येथे. बालपणीच ते गुब्बी वीरण्णा यांच्या नाटकमंडळीत दाखल झाले. लेखनाचे त्यांचे खरे शिक्षण तेथेच झाले.

बेडर कण्णप्पा (१९५४) या भक्तिप्रधान चित्रपटाचे लेखन अय्यर यांनी केले व त्यात भूमिकाही केली. राजकुमार यांची नायक म्हणून पहिली भूमिका याच चित्रपटातील होय. त्या काळी कन्नड चित्रपटांची निर्मिती मुख्यत्वे मद्रास येथील चित्रनिर्मितिगृहांत होई. चित्रपटांची संख्याही अल्प असल्याने कलावंतांना पुरेसे काम मिळत नसे. या अडचणीतून मार्ग काढण्यासाठी राजकुमार, बालकृष्ण, नरसिंहराजू व अय्यर यांनी कलावंतांचा संघ स्थापून कर्नाटकात नाट्यप्रयोग केले आणि पुढे रणधीर कंठीरव (१९६०) हा म्हैसूरच्या वोडेयर राजावरील ऐतिहासिक चित्रपट निर्माण केला. त्याचे लेखन अय्यर यांचेच होते. भूदान (१९६२) या सामाजिक चित्रपटाचे दिग्दर्शनही त्यांनी केले.

१९७० नंतर त्यांच्या कार्याला निराळे वळण लागले. एस्. एल्. भैरप्पा यांच्या कादंबरीवरील वंशवृक्ष (१९७१) या चित्रपटाचे ते निर्माते होते. त्याच्या दिग्दर्शनाबद्दल गिरीश कार्नाड व ब. व. कारंत यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. त. रा. सुब्बराव यांच्या कादंबरीवरून अय्यर यांनी दिग्दर्शित केलेल्या हंसगीते (१९७५) मध्ये राजाश्रय व कलावंताचे स्वातंत्र्य यांतील संघर्ष आढळतो. कन्नडमधील सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार त्यास लाभला.

आदि शंकराचार्य (१९८३) हा संस्कृत भाषेतील पहिला चित्रपट. त्यातील मृत्यू व ज्ञान या अमूर्त कल्पनांना अय्यर यांनी पात्ररूप देऊन शंकराचार्यांच्या सोबतीला ठेवले. त्यामुळे तत्त्वविचार केवळ संवादांतून न येता दृश्यांतून प्रकट होतो. सर्वोत्कृष्ट चित्रपट व पटकथा यांसह अनेक राष्ट्रीय पुरस्कार त्यास मिळाले. त्यानंतर त्यांनी मध्वाचार्य (१९८६, कन्नड), रामानुजाचार्य (१९८९, तमिळ) व भगवद्गीता (१९९३, संस्कृत) हे चित्रपट काढले. ते नेहमी अनवाणी वावरत. मुंबई येथे त्यांचे निधन झाले.

व्यावसायिक रंगभूमीवरील पौराणिक कथनापासून प्रयोगशील चित्रपटापर्यंतचा कन्नड पटकथेचा प्रवास त्यांच्या एकाच कारकीर्दीत पाहावयास मिळतो. लोकप्रिय लेखनात मिळविलेले स्थान मागे ठेवून उतारवयात त्यांनी ही नवी वाट धरली, यात त्यांचे वैशिष्ट्य आहे.