‘आमुचं’ या सर्वनामाआडचे मौन

मराठी स्त्रियांच्या आत्मपर लेखनात काय सांगितले गेले याची चर्चा पुष्कळ झाली. काय राखून ठेवले गेले, याची फारशी नाही. रमाबाई रानडे यांच्या ‘आमच्या आयुष्यातील कांही आठवणी’ (१९१०) या शीर्षकातील ‘कांही’ हा शब्दच निवडीची कबुली देतो. शिक्षणापायी घरातील बायकांकडून झालेला जाच रमाबाई सविस्तर सांगतात. पतीविषयी लिहिताना मात्र सूर भक्तिभावाचाच राहतो. येथील ‘आमच्या’ हे दांपत्याचे अनेकवचन आहे.

बेबी कांबळे यांच्या ‘जिणं आमुचं’मधील अनेकवचन महारवाड्याचे आहे. १९८२ साली ‘स्त्री’ मासिकातून क्रमशः आणि १९८६ साली ग्रंथरूपाने आलेले हे लेखन मुळात चोरून झाले होते. फलटणच्या आपल्या किराणा दुकानात सवड मिळेल तसे लिहायचे आणि वह्या घरच्यांच्या दृष्टीआड ठेवायच्या, असे जवळजवळ वीस वर्षे चालले. या संहितेत उपासमार आहे, अंगात येणे आहे, सासुरवास आहे. पळून जाऊ पाहणाऱ्या सुनांची नाके कापल्याचे उल्लेखही आहेत. म्हणजे समाजातील स्त्रीवरील हिंसा झाकण्याचा लेखिकेचा हेतू नव्हता. तरीही तिचा स्वतःचा संसार कथनाबाहेर राहतो. पतीचा संशय आणि मारहाण यांविषयी त्या बोलल्या, ते माया पंडित यांच्या इंग्रजी अनुवादासोबत २००८ साली आलेल्या मुलाखतीत. बहुतेक बायकांच्या वाट्याला तेच येत होते आणि समाजाचे दुःख आपल्या दुःखाहून मोठे होते, असा त्यांच्या म्हणण्याचा आशय.

या मौनाला केवळ लज्जा वा पातिव्रत्य म्हणणे उथळपणाचे ठरेल. ज्या वस्तीकडे बाहेरचे जग तुच्छतेनेच पाहत आले, तिथली बाई घरातले सांगू लागली की ती साक्ष नवऱ्याविरुद्ध न राहता जातीविरुद्ध वापरली जाण्याचा धोका असतो. (सवर्ण आत्मचरित्रकाराला हा हिशेब सहसा करावा लागत नाही.) पण लेखिकेचे स्पष्टीकरण जसेच्या तसे स्वीकारण्यातही अडचण आहे. वहीच ज्या घरापासून लपवायची, त्या घराविषयी वहीत कितपत लिहिता आले असते? समूहनिष्ठा आणि भय यांच्यातील सीमारेषा संहितेवरून आखता येत नाही. मराठी समीक्षेने मात्र ‘समूहाचे आत्मकथन’ हे बिरुद देऊन भयाचा भाग विचारातच घेतला नाही.

उर्मिला पवार यांच्या ‘आयदान’मध्ये (२००३) बायकोचे शिक्षण आणि चळवळ यांवरून पतीशी झालेले ताण नावानिशी येतात, आणि तेही वस्तीच्या, आईच्या, चळवळीतील बायकांच्या हकिकतींना लागूनच.