मोटारगाडीचे अग्रदिवे

मोटारगाडीच्या पुढील भागी बसविलेल्या व रात्रीच्या प्रवासात रस्ता उजळणाऱ्या दिव्यांना अग्रदिवे म्हणतात. व्यवहारात त्यांना ‘हेडलाइट’ हेच नाव रूढ आहे. अग्रदिव्याचे मुख्य भाग तीन : प्रकाश देणारा बल्ब, त्याचा प्रकाश एकत्र करून पुढे टाकणारा अन्वस्ताकृती परावर्तक आणि त्या झोताला योग्य आकार देणारी रेषांकित काच. हे तीनही भाग परस्परांच्या मापाने बनविलेले असतात. त्यामुळे बल्ब हा सुटा विकत मिळत असला, तरी तो दिव्यापासून स्वतंत्र नसतो. अग्रदिव्यापुढे आरंभापासून दोन परस्परविरोधी अपेक्षा आहेत : आपल्या चालकाला दूरचे दिसले पाहिजे आणि समोरून येणाऱ्याचे डोळे दिपता कामा नयेत. अग्रदिव्याचा इतिहास हा मुख्यतः या दोन अपेक्षांचा मेळ घालण्याच्या प्रयत्नांचा इतिहास आहे. जुन्या गाडीचा बल्ब निवडताना व बदलताना हा इतिहास प्रत्यक्ष उपयोगी पडतो. कारण प्रत्येक काळातील दिवा त्या काळी काढलेल्या तोडग्यानुसार घडविलेला आहे.

इतिहास : आरंभीच्या मोटारगाड्यांना घोडागाडीप्रमाणे तेलाचे दिवे असत. त्यांचा उपयोग रस्ता दिसण्यापेक्षा गाडी इतरांना दिसावी यासाठीच अधिक होई. त्यानंतर ॲसिटिलीन वायूचे दिवे आले. कॅल्शियम कार्बाइडावर पाणी ठिबकवून हा वायू तयार करीत. त्याची ज्योत पांढरी व प्रखर असून परावर्तकामुळे तिचा प्रकाश बराच दूर जाई. मात्र प्रत्येक वेळी काड्याची पेटी घेऊन गाडीतून उतरावे लागे व पात्रातील चुन्याचा गाळ वरचेवर काढावा लागे.

अमेरिकेत १८९८ मध्ये कोलंबिया या विद्युत् मोटारगाडीला विजेचे अग्रदिवे उपलब्ध करण्यात आले होते. परंतु त्या वेळच्या बल्बातील तंतू नाजूक असून गाडीच्या हादऱ्यांनी तो लवकर तुटे. कूलिज यांनी १९१० च्या सुमारास तन्य टंगस्टन तार तयार केली आणि १९१३ मध्ये लँगम्युअर यांनी बल्बात निष्क्रिय वायू भरण्याची पद्धत शोधून काढली, तेव्हा हा दोष बराचसा दूर झाला. १९१२ च्या कॅडिलॅक गाडीत विद्युत् आरंभक, जनित्र, घटमाला व दिवे यांची एकत्र मांडणी प्रथमच करण्यात आली. त्यानंतर थोड्याच वर्षांत ॲसिटिलीनचा दिवा मागे पडला.

प्रखर प्रकाश साध्य होताच डोळे दिपण्याचा प्रश्न पुढे आला. सुरुवातीचे उपाय यांत्रिक होते. चालक तरफेने संपूर्ण दिवा वा परावर्तक खाली झुकवीत असे. ब्रिटिश गाड्यांत दुसऱ्या महायुद्धापूर्वी एक निराळी पद्धत प्रचारात होती. तीत कळ दाबताच कडेच्या बाजूच्या दिव्याचा परावर्तक विद्युत् चुंबकाने खाली कलत असे व रस्त्याच्या मध्याकडील दिवा पूर्ण विझत असे. १९२४-२५ मध्ये जर्मनीत ऑसरम कंपनीने ‘बायलक्स’ हा दोन तंतूंचा बल्ब प्रचारात आणला. त्यातील एक तंतू परावर्तकाच्या केंद्रबिंदूवर असून तो दूरवर जाणारा लांब झोत देतो. दुसरा तंतू केंद्रबिंदूच्या किंचित पुढे असून त्याच्या खाली धातूची लहान वाटी असते. या वाटीमुळे परावर्तकाच्या खालच्या अर्ध्या भागावर प्रकाश पडत नाही व वर जाणारे किरण अडविले जातात. अशा तऱ्हेने खाली वळलेला आखूड झोत मिळतो. चालकांच्या बोलण्यातील ‘अप्पर’ व ‘डिप्पर’ ते हेच दोन झोत होत.

यापुढे अमेरिका व यूरोप यांचे मार्ग निराळे झाले. अमेरिकेत १९३९ मध्ये बंद दिवा (सील्ड बीम) पुढे आला. त्यात तंतू, परावर्तक व काच हे सर्व एकाच बंदिस्त काचपात्रात असते. धूळ व दमटपणा आत शिरत नसल्याने परावर्तक काळवंडत नाही. पण तंतू तुटल्यास संपूर्ण दिवाच बदलावा लागतो. १९४० च्या गाड्यांपासून तेथे हाच दिवा सार्वत्रिक झाला व १९८३ पर्यंत बदलता बल्ब वापरण्यास तेथे मुभा नव्हती. यूरोपने मात्र सुटा बल्ब कायम ठेवला. १९५७ मध्ये तेथे असममित आखूड झोत स्वीकारण्यात आला. वाटीची एक कड सु. १५° कोनात कापल्यामुळे या झोताची वरची सीमा रस्त्याच्या मध्याकडे आडवी राहते व कडेच्या बाजूस वर चढते. परिणामी समोरच्या चालकाला त्रास न होता कडेचा पादचारी अधिक दूरवरून दिसतो.

साध्या बल्बात तंतूपासून उडालेले टंगस्टन काचेवर साचून बल्ब काळा पडतो. १९५९ मध्ये अमेरिकेतील जनरल इलेक्ट्रिक कंपनीच्या झुब्लर व मॉस्बी या संशोधकांनी आयोडीनयुक्त टंगस्टन दिव्याची माहिती प्रसिद्ध केली. या दिव्यात हॅलोजन मूलद्रव्याच्या योगाने उडालेले टंगस्टन तंतूकडे परत नेले जाते. त्यामुळे तंतू अधिक तापविता येतो व काचही स्वच्छ राहते. १९६२ मध्ये यूरोपात एच-१ हा एका तंतूचा व १९७१ मध्ये एच-४ हा दोन तंतूंचा हॅलोजन बल्ब प्रचारात आला. १९९१ पासून झेनॉन विसर्जन दिवे व २००७ पासून प्रकाश-उत्सर्जक द्विप्रस्थ (एलईडी) यांचे अग्रदिवे मोटारगाड्यांत येऊ लागले.

भारतातील वापर : स्वातंत्र्यापूर्वी भारतातील बहुतेक गाड्या ब्रिटन व अमेरिका येथून येत, त्यामुळे दिव्यांचे दोन्ही प्रकार येथे एकत्र नांदले. दुसऱ्या महायुद्धातील विलीज जीपगाडी ६ व्होल्टची व बंद दिव्याची होती. १९४७ पासून महिंद्र कंपनीने या जीपगाडीची जुळणी भारतात सुरू केली. १९५८ पासून २०१४ पर्यंत तयार झालेली हिंदुस्थान अँबॅसडर ही मॉरिस ऑक्सफर्डवर आधारलेली असून तिचे दिवे गोल, ७ इंच (सु. १७८ मिमी.) व्यासाचे व १२ व्होल्टचे होते. फियाट ११०० व तिच्यापासून झालेली प्रीमियर पद्मिनी यांचेही दिवे गोल होते.

मोटारगाडीच्या दिव्यांवर १९३९ च्या मोटार वाहन अधिनियमाखाली नियंत्रण होते. त्याची जागा १९८८ च्या अधिनियमाने घेतली व तो १ जुलै १९८९ पासून अमलात आला. त्याखालील केंद्रीय मोटार वाहन नियम, १९८९ यांनुसार रात्री पुढील १५५ मी. अंतरावरील व्यक्ती व वाहने स्पष्ट दिसतील असे दिवे आवश्यक आहेत. त्याचबरोबर समोरच्याचे डोळे दिपणार नाहीत अशा रीतीने झोत खाली वळविण्याची सोयही आवश्यक आहे. अग्रदिव्यांचे दोन्ही हेतू येथे एकाच नियमावलीत आले आहेत. दिव्याच्या काचेवर काळा ठिपका देण्याची किंवा तिचा वरचा भाग काळा रंगविण्याची पद्धत भारतात दीर्घकाळ दिसत असे. तिने एकूण प्रकाश कमी होतो. परंतु चुकीच्या जागी बसलेला तंतू किंवा बिघडलेला रोख त्यामुळे सुधारत नाही.

धुळे परिसर : या प्रश्नाचे व्यावहारिक महत्त्व धुळ्यासारख्या ठिकाणी स्पष्ट दिसते. मुंबई–आग्रा व सुरत–नागपूर हे महामार्ग (पूर्वीचे राष्ट्रीय महामार्ग क्र. ३ व ६) येथे एकमेकांना छेदतात व येथूनच सोलापूरकडे जाणारा मार्ग फुटतो. शहराला लोहमार्ग मिळाला तो चाळीसगावहून आलेल्या फाट्याचा. त्यामुळे येथील मालाची व प्रवाशांची बरीचशी वाहतूक रस्त्यावरच राहिली आणि उन्हाळ्यातील उष्म्यामुळे तिचा मोठा भाग रात्री चालत आला. दक्षिणेस लळिंगचा घाट, पश्चिमेस कोंडाईबारी, उत्तरेस पळासनेरच्या पुढे बिजासन आणि सोलापूर मार्गावर चाळीसगावपलीकडील कन्नड घाट असे चढ या मार्गांवर आहेत. चढावर गाडीचे तोंड वर होत असल्याने नीट जुळविलेला आखूड झोतही माथ्यावरून येणाऱ्याच्या डोळ्यांत जातो. वळणावर झोत रस्त्याबरोबर वळत नाही.

सपाट भागातील धोका निराळ्या स्वरूपाचा असतो. कापसाच्या हंगामात मालाने भरलेल्या बैलगाड्या रात्री रस्त्याच्या कडेने जात व त्यांना मागे फार तर एखादा कंदील टांगलेला असे. ताशी ६० किमी. वेगाने जाणारी मोटार एका सेकंदात सु. १७ मी. अंतर कापते. समोरच्या झोताने चालकाचे डोळे केवळ तीन सेकंद दिपले, तरी गाडी तेवढ्या वेळात सु. ५० मी. पुढे जाते. या अंतरात बैलगाडी असेल, तर ती चालकाला दिसत नाही. आणि हे घडविणारा दिवा त्याच्या गाडीचा नसून समोरच्या गाडीचा असतो. म्हणूनच अग्रदिव्याचा बल्ब हा गाडीच्या मालकापुरता विषय नाही. मुंबई–आग्रा मार्गाच्या चौपदरीकरणानंतर दुभाजकामुळे समोरासमोरचा झोत बराच कमी झाला. तथापि जिल्ह्यातील दुपदरी रस्त्यांवर हा प्रश्न आजही आहे.

बल्बाची निवड : जुन्या गाडीचा प्रकाश मंद वाटू लागल्यास अधिक वॉटचा बल्ब बसविण्याकडे सर्वसाधारण कल असतो. परंतु मंदपणाचे कारण बल्बात क्वचितच असते. तंतूचा प्रकाश विद्युत् दाबाच्या सु. ३·४ व्या घाताच्या प्रमाणात बदलतो. दाब १० टक्क्यांनी घटला, तर प्रकाश सु. ३० टक्क्यांनी घटतो. गंजलेली जोडणी, झिजलेली कळ वा सैल अर्थ यांत अर्धा व्होल्ट सहज खर्ची पडतो. १२ व्होल्टच्या गाडीत त्यामुळे सु. एक सप्तमांश व ६ व्होल्टच्या गाडीत सु. एक चतुर्थांश प्रकाश नाहीसा होतो. यास्तव बल्ब बदलण्यापूर्वी दिवे चालू असताना प्रत्यक्ष बल्बाच्या टोकांशी दाब मोजणे हे पहिले काम होय. उलट दाब ५ टक्क्यांनी वाढल्यास बल्बाचे आयुष्य जवळजवळ निम्मे होते. बल्ब वरचेवर उडत असतील, तर दाबनियामक तपासावा.

४५/४० वॉटच्या दोन बल्बांना लांब झोतात मिळून ७·५ अँपिअर प्रवाह लागतो, ६०/५५ वॉटच्या एच-४ बल्बांना १० अँपिअर, तर बाजारात मिळणाऱ्या १००/९० वॉटच्या बल्बांना सु. १७ अँपिअर. जुन्या डायनामोची क्षमता सामान्यतः २० अँपिअरच्या आसपास असते, हे लक्षात घेतल्यास यातील शेवटचा पर्याय का अयोग्य ते कळते. अशा बल्बाने कळ व तारा तापतात, होल्डर वितळतो, परावर्तकाचा चकाकता थर करपतो आणि शेवटी प्रकाश पूर्वीपेक्षाही कमी होतो. साध्या बल्बाऐवजी एच-४ बसविल्यास मात्र खरा लाभ होतो : आखूड झोताचा प्रकाश सु. ६७५ ल्युमेनांवरून सु. १,००० ल्युमेनांवर जातो. त्यासाठी एच-४ करिता बनविलेला संपूर्ण दिवा (परावर्तक व काच यांसह) बसवावा आणि बल्बाला घटमालेकडून रिलेमार्फत स्वतंत्र तार द्यावी. साध्या बल्बाची बैठक ४५ मिमी. व एच-४ ची ४३ मिमी. मापाची असते. घासून वा वाकवून बसविलेला बल्ब केंद्रबिंदूवरून ढळतो, आणि तंतू एखादा मिलिमीटर सरकला तरी झोत विस्कटतो. तंतूच्या बल्बासाठी केलेल्या परावर्तकात एलईडी बल्ब बसविल्यानेही हेच घडते. दिवा अधिक पांढरा दिसतो, पण आखूड झोताची वरची सीमा पुसट होते.

परदेशी गाडीच्या बाबतीत आणखी एक गोष्ट पाहावी लागते. उजवीकडून वाहतूक चालणाऱ्या देशातील काचेचा आखूड झोत उजवीकडे वर चढतो. भारतात तो थेट समोरच्या चालकावर पडतो. अशा वेळी बल्ब नव्हे, काच किंवा पूर्ण दिवा बदलला पाहिजे.

बदलण्याची रीत : दिवे बंद करून बल्ब निवू द्यावा. कड्याचा स्क्रू वा खटका सोडवून कडे काढावे व दिवा बाहेर घ्यावा. झोताचा रोख ठरविणारे स्क्रू शेजारीच असतात. त्यांना हात लावू नये. बल्बाच्या बैठकीवरील खाचा बरोबर जुळल्या तरच तो बसतो, म्हणून जोर लावू नये. हॅलोजन बल्बाची क्वॉर्ट्‌झ काच बोटांनी धरू नये, कारण हाताच्या तेलकटपणाने व क्षारांनी ती तप्त असताना तडकते. स्पर्श झाल्यास स्पिरिटने पुसावी. परावर्तक मात्र फडक्याने पुसू नये, त्याचा थर सहज निघतो. टोके घासून स्वच्छ करावीत, अर्थची तार घट्ट करावी व मागील रबरी टोपण नीट बसवावे. धुळीपासून परावर्तकाचे रक्षण तेच करते. एक बल्ब गेल्यास दुसराही तेवढाच वापरलेला असतो, म्हणून दोन्ही एकदम बदलणे योग्य.

शेवटी रोख जुळवावा. गाडी सपाट जागी भिंतीपासून १० मी. अंतरावर, नेहमीच्या भारासह व चाकांत योग्य हवा भरून उभी करावी. आखूड झोताची वरची सीमा भिंतीवर दिव्याच्या मध्याच्या उंचीपेक्षा सु. १० सेंमी. खाली यावी. मागील पाटे बसलेल्या किंवा मागे जड सामान भरलेल्या गाडीचे तोंड वर होत असल्याने तिचा रोख पुन्हा तपासावा लागतो. नवा बल्ब बसवून रोख न पाहणे म्हणजे काम अर्धे सोडणे होय. कारण आपल्या दिव्याचा दोष आपल्याला दिसत नाही, तो समोरून येणाऱ्याला दिसतो.