‘शाकुंतल’ जर्मनीत नेणारा ग्रंथकार

कालिदासाचे ‘शाकुंतल’ वाचून जर्मन महाकवी गटे ते मस्तकावर घेऊन नाचला, ही आख्यायिका महाराष्ट्रात पिढ्यान् पिढ्या सांगितली जाते. नाचण्याची गोष्ट खरी असो वा नसो, गटेच्या हाती पडलेला ग्रंथ मात्र खरा होता. सर विल्यम जोन्स याने १७८९ साली कलकत्त्यास जे इंग्रजी भाषांतर प्रसिद्ध केले, त्यावरून सिद्ध केलेले ते जर्मन रूपांतर होते. ते १७९१ मध्ये निघाले. रसिक म्हणून गटेचे नाव सर्वतोमुखी झाले. रूपांतरकार गेओर्ग फोर्स्टर याचे नाव मात्र त्याच्या स्वदेशातही दीर्घकाळ झाकलेले राहिले. असे का व्हावे, याचे उत्तर त्याच्या ग्रंथांत आणि चरित्रात आहे.

फोर्स्टरचा जन्म १७५४ साली डान्झिग शहरानजीकच्या एका खेड्यात झाला. वडील धर्मोपदेशक, परंतु त्यांचा ओढा निसर्गशास्त्राकडे. त्यांच्यासमवेत हा मुलगा दहाव्या वर्षी रशियात व्होल्गेच्या काठी हिंडला आणि पुढे इंग्लंडात आला. १७७२ मध्ये कॅप्टन कुकच्या दुसऱ्या सफरीवर वडिलांची निसर्गशास्त्रज्ञ म्हणून नेमणूक झाली, तेव्हा सतरा वर्षांचा गेओर्ग त्यांचा साहाय्यक व चित्रकार म्हणून ‘रेझोल्यूशन’ जहाजावर चढला. तीन वर्षांच्या त्या प्रवासात त्याने दक्षिणेकडील हिमसागर, न्यूझीलंड, ताहिती, टोंगा व ईस्टर बेट पाहिले.

परतल्यावर सफरीचा वृत्तांत कोणी लिहावा, यावरून वडिलांचे व ब्रिटिश आरमारखात्याचे बिनसले. तेव्हा मुलानेच लेखणी उचलली. त्याचे ‘पृथ्वीप्रदक्षिणा’ हे इंग्रजी पुस्तक १७७७ साली, कुकच्या पुस्तकाच्या काही आठवडे आधी, प्रसिद्ध झाले आणि पुढे त्याने ते जर्मनमध्ये उतरविले. त्यात वनस्पती, पक्षी आणि वारे यांची वर्णने आहेत. पण खरे लक्ष आहे ते माणसांकडे. ताहितीला भूस्वर्ग ठरविण्याची तेव्हा युरोपात चढाओढ होती. फोर्स्टरने तेथील सौजन्य टिपले, तसेच कष्टणारे आणि बसून खाणारे हा भेदही टिपला. खलाशांनी केलेले अत्याचार त्याने झाकले नाहीत. मूठभर विद्वानांच्या ज्ञानापायी साऱ्या जमातींचे सुख नष्ट होणार असेल, तर ती बेटे अज्ञात राहिलेली बरी, असा त्याचा अभिप्राय होता.

ज्ञानाची किंमत कोण देतो, हा प्रश्न त्याने पुढेही सोडला नाही. १७८६ मध्ये मानववंशांच्या प्रश्नावर त्याने खुद्द कांटशी वाद घातला. व्याख्या आधी ठरवून मग तीत माणसे बसविण्यापेक्षा माणसे आधी पाहावीत, असे त्याचे म्हणणे होते. सर्व वंशांचे मूळ एकच की अनेक, हा मुद्दा त्याने मोकळा ठेवला. मात्र उत्तर काहीही आले तरी गुलामगिरीचे समर्थन होऊ शकत नाही, याविषयी तो निःशंक होता.

१७८८ मध्ये तो माइन्त्सच्या विद्यापीठात ग्रंथपाल झाला. दोन वर्षांनी वीस वर्षांच्या अलेक्झांडर फॉन हुम्बोल्टला बरोबर घेऊन तो ऱ्हाइनच्या काठाकाठाने हॉलंड, इंग्लंड व पॅरिस हिंडून आला. या प्रवासावरील ग्रंथात कोलोनचे महामंदिर, चित्रशाळा, आखेनचे कापड-कारखाने आणि लोकांचे राजकीय असंतोष या साऱ्यांचा परामर्श आहे. शास्त्र, कला व समाज यांच्यामध्ये त्याने भिंती घातल्या नाहीत. ‘शाकुंतल’ त्याने याच दृष्टीने उचलले. दूरदेशीच्या काव्याला आपल्या रुचीची मोजपट्टी न लावता त्याच्या मातीतून ते समजून घ्यावे, म्हणून त्याने भारतीय शब्दांवर व कल्पनांवर टिपणे जोडली.

१७९२ च्या ऑक्टोबरात फ्रेंच क्रांतिसेनेने माइन्त्स घेतले. फोर्स्टर क्रांतिपक्षास मिळाला, आणि येथे त्याच्या आयुष्यातील विसंवाद उभा राहतो. सक्तीचा तिटकारा असलेल्या या माणसाला अधिकारी म्हणून गावोगाव लोकांकडून नव्या राज्याच्या निष्ठेची शपथ घेववावी लागली. नकार देणाऱ्यांच्या वाट्याला हद्दपारी आली. मार्च १७९३ मध्ये प्रजासत्ताक घोषित झाले. फ्रान्सशी जोडणी मागण्यासाठी तो पॅरिसला गेला, इकडे जुलैत माइन्त्स पडले. जर्मन साम्राज्याने त्याला बहिष्कृत केले होते. पत्नी व मुले आधीच दुरावली होती. भोवती क्रांतीचा रक्तपात पाहत १० जानेवारी १७९४ रोजी, वयाच्या एकोणचाळिसाव्या वर्षी, तो पॅरिसमध्ये मरण पावला.

देशद्रोही या शिक्क्याखाली त्याचे ग्रंथही गाडले गेले. फ्रीडरिश श्लेगेलने १७९७ मध्ये त्याच्या गद्याचा गौरव केला. १८४३ मध्ये नऊ खंडांत त्याचे समग्र लेखन निघाले. आणि १८४७ मध्ये ‘कॉसमॉस’च्या दुसऱ्या खंडात वृद्ध हुम्बोल्टने त्याला आपला गुरू म्हणून कृतज्ञतेने स्मरले. तरीही बर्लिनच्या विज्ञान अकादमीची संशोधित आवृत्ती निघू लागण्यास १९५८ साल उजाडावे लागले.

फोर्स्टरच्या राजकारणाविषयी मतभेद राहतील. माइन्त्समधील सक्तीचे समर्थन करण्याचेही कारण नाही. परंतु लेखकाच्या राजकारणाची शिक्षा त्याच्या ग्रंथांना दिली, तर तोटा वाचकांचा होतो. गटेच्या आख्यायिकेतला ग्रंथ ज्याने सिद्ध केला, त्याचे नाव त्या आख्यायिकेसोबत उच्चारले जावे, एवढे ऋण तरी कालिदासाच्या वाचकांवर निश्चितच आहे.