हरलेल्या भावाचा कागद

वतनाच्या वाटणीत शेत वाटणं त्यातल्या त्यात सोपं. भांडण पेटायचं ते मानावरून. पोळ्याला पुढे बैल कोणाचा, होळीची पोळी आधी कोणाची, विडा आधी कोणाला, कागदावर कोणाचं नाव वर. एवढ्यावरून पाटलांची घरं पिढ्यान्‌पिढ्या एकमेकांच्या दारात जात नसत.

मराठेशाहीत असा तंटा गोतापुढे यायचा. गोतात नातलगांबरोबर गावचे पाटील-कुलकर्णी, शेटे-महाजन, बलुतेदार आणि परगण्याचे देशमुख-देशपांडेही बसत. याची मुळं जुनी आहेत. याज्ञवल्क्यस्मृतीने न्याय करणाऱ्यांत पूग (एका गावचे लोक) आणि श्रेणी (एका धंद्याचे लोक) यांच्यासोबत 'कुल', म्हणजे नातलग, धरलं आहे. त्याच स्मृतीवर चालुक्यांच्या कल्याणीत विज्ञानेश्वराने मिताक्षरा लिहिली आणि वाटणीचा आपला कायदा मुख्यतः तिच्यावर उभा राहिला.

नियम ठाऊक असूनही भाऊ निकाल मानेल याची खात्री नसतेच. गोतसभेचं शहाणपण मला इथे दिसतं. सुनावणीआधीच दोघांकडून राजीनामा घेत, म्हणजे गोत सांगेल त्याला राजी असल्याचा लेखी कबुली. वर जामीन. मग दोघांच्या तकरिरी (आपापलं म्हणणं), जुने कागद, शेजारच्या गावांतल्या वृद्धांच्या साक्षी. निवाड्याचा महजर, म्हणजे निकालपत्र, झाला की खाली निशाण्या उमटत: पाटलाचा नांगर, परटाची मोगरी, न्हाव्याचा आरसा. शेवटी हरणारा येजितखत लिहून द्यायचा, की माझा दावा खोटा ठरला, पुन्हा कटकट करणार नाही. हरल्याची कबुली त्याच्याच नावाने, जिंकणाऱ्याच्या दप्तरात.

सगळं गोड नव्हतं. पुरावा तोकडा पडला की दिव्य करावं लागे, कढत तेलातून धातूचा तुकडा हाताने काढायचा. जिंकणारा सरकारात हरकी नावाची रक्कम भरे, हरणारा गुन्हेगारी नावाचा दंड. आणि मुलगा असताना मुलीला वडिलोपार्जित वतनात वाटा नव्हता.

पेशवाई बुडाल्यावर इंग्रज अधिकारी एल्फिन्स्टनने 1819च्या अहवालात पंचायतीची बाजू घेतली, मुंबई इलाख्याच्या 1827च्या कायद्यांत लवादाला जागा मिळाली, तरी लोक हळूहळू कोर्टाची पायरी चढू लागले. पुण्यात समाजकार्यकर्ते सार्वजनिक काकांनी लवाद कोर्टासाठी खटपट केली ती यावर उतारा म्हणूनच. 2007मध्ये गावातले तंटे गावातच मिटवण्यासाठी तंटामुक्त गाव मोहीम आली.

महाराष्ट्राने 1994मध्ये मुलींना जन्मतः वाटा दिला. तरी पुष्कळ घरांत भाऊ आपसांत वाटे ठरवतात आणि बहिणीपुढे हक्कसोडपत्र थेट सहीला येतं. मला हे फार खुपतं. गोताने हरणाऱ्याचीही तकरीर आधी ऐकली होती. हिला तर कोणी काही विचारलेलंच नसतं. वाटणीचा वाद लोकअदालतीत मिटला, तर त्या तडजोडीला आज दिवाणी हुकूमनाम्याचं बळ आहे आणि तिच्यावर अपील चालत नाही. म्हणून पहिल्या बैठकीचं बोलावणं बहिणीच्या सासरी गेलंच पाहिजे, आणि तिचं म्हणणं तिच्या शब्दांत कागदावर आलं पाहिजे.